यादी फाडणं सोपं, डागी नावं वेगळी काढणं कठीण. म्हणून फाडायची?

टाचणी:
'सरकारी भरतीत घोटाळा सापडला की सगळी निवड यादी रद्द करा; नोटिसा आणि सुनावण्या म्हणजे नुसता वेळकाढूपणा' असं काल इथे लिहिलं गेलं. मला ते अजिबात मान्य नाही. डागी उमेदवार वेगळे काढता येतात का, हे आधी तपासायचं असतं. सीबीआयच्या शिपाई भरतीत फेरतपासणीत ३१ जणांपुरताच दोष निघाला, तेव्हा सगळी यादी रद्द करणं सर्वोच्च न्यायालयाने २००३ साली चुकीचं ठरवलं. वेगळं काढायचं म्हणजे मूळ ओएमआर (गोल रंगवायची उत्तरपत्रिका), तिची कार्बन प्रत, स्कॅन आणि सर्व्हरवरचे गुण बैठक क्रमांकाप्रमाणे जुळवायचे. जिथे जुळत नाही तिथे नोटीस द्यायची: कोणत्या प्रश्नाला कोणता गोल, कुठे किती गुण, सोबत त्या पानाची प्रत. 'आपली निवड संशयास्पद आढळली आहे' एवढ्या एका ओळीला माणूस उत्तर काय देणार?

मुदतवाढ:
जुळवायला कागद तर हवा! पश्चिम बंगालच्या शिक्षक भरतीत मूळ ओएमआर नष्ट केलेल्या, त्यांच्या प्रतिमाही जपलेल्या नव्हत्या. ३ एप्रिल २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने २५,७५३ नेमणुका गेल्या. तिथे कोणता गोल दाखवणार होतात? केंद्रच्या केंद्र कॉपीत सापडलं तर प्रत्येकाला नोटीस लागत नाही, हे बिहार परीक्षा मंडळाच्या प्रकरणात १९७० सालीच ठरलंय.

टाचणी:
बंगालच्या त्याच निकालात डागी ठरलेल्यांना पगार परत करायला सांगितलं, बाकीच्यांना नाही. म्हणजे फरक तिथेही केला गेला. पुरावा नष्ट करणारा कार्यालयातला आणि नोकरी जाणार उमेदवाराची, याची तुम्हाला चीड येत नाही?

शेरा:
लेखीवरच किती भांडाल? खरी कीड मुलाखतीत आहे. क्रायपाक प्रकरण (१९६९) आठवा. जम्मू-काश्मीरमधली वनसेवेची निवड, आणि निवड मंडळावर बसलेला अधिकारी स्वतःच उमेदवार! स्वतःच्या नावाच्या वेळी तो उठून गेला, पण प्रतिस्पर्ध्यांची नावं निघाली तेव्हा बसून होता, क्रम लावतानाही होता. ती निवडच रद्द झाली.

मुदतवाढ:
सर्वोच्च न्यायालयाचा अशोक कुमार यादव निकाल, १९८५. नातेवाईक मुलाखतीला आला तर सदस्याने तेवढ्यापुरतं बाजूला व्हायचं. पूर्ण मंडळ सोडायची गरज नाही. अर्धवट सांगू नका.

शेरा:
अर्धवट तुम्ही सांगताय! ती सवलत लोकसेवा आयोगाच्या सदस्यांना, कारण ते घटनात्मक पदावर असतात. खात्याच्या साध्या निवड समितीत नात्यातला उमेदवार असेल तर सदस्याने त्या संपूर्ण निवडीतून बाहेर पडायचं, हे त्याच निकालात आहे. शिवाय सर्वसाधारण उमेदवारांसाठी मुलाखतीचा वाटा १२.२ टक्क्यांवर नको, हेही. आणि मुलाखतीच्या गुणांचा तक्ता भरतात कसा? आधी पेन्सिलने गुण, सगळ्यांची बेरीज झाल्यावर वर शाई. कागद तिरपा धरला की सातच्या खाली खोडलेला चार दिसतो. प्रत्येक सदस्याचा वेगळा तक्ता, उमेदवार बाहेर पडताच शाईने गुण, सही आणि लगेच लिफाफा बंद. याला पैसा लागत नाही.

मुदतवाढ:
दिवसाला चाळीस मुलाखती झाल्या की पहिल्या पाच जणांना दिलेले गुण संध्याकाळी कडक वाटतात. म्हणून पेन्सिल असते. सगळ्यांना चोर ठरवायचं असेल तर बोलणं खुंटलं.

शेरा:
मग दुरुस्ती करा, पण जुना आकडा एका रेघेने कापा, शेजारी सही आणि कारण. खोडरबर कशाला?

मुदतवाढ:
रेघ आणि सही, चालेल. एवढंच मान्य.

टाचणी:
मग यादीलाही तोच नियम लावा. रद्दच करायची तर किती उत्तरपत्रिका तपासल्या, कितींचा मेळ बसला नाही आणि उरलेल्या का वेगळ्या काढता आल्या नाहीत, हे आदेशातच लिहा. सर्वोच्च न्यायालयातल्या मोहिंदर सिंग गिल प्रकरणापासून (१९७७) आदेशात नसलेली कारणं मागाहून शपथपत्रात घुसडता येत नाहीत.

मुदतवाढ:
आकडे आदेशात टाकायला माझी ना नाही. पण जुळवणीला तारीख ठरवा. ती नसेल तर प्रतीक्षा यादीतल्यांची वयोमर्यादा उलटेपर्यंत तुमची तपासणी चालेल, आणि त्यांना तर कुणी नोटीसही देत नाही.