बोलोन्याहून एक दिवसाची खाद्यसहल (पार्मिजानो, हॅम, बाल्सामिको): घ्यावी का? आई शाकाहारी आहे

मुक्ता_सहकारनगर

नमस्कार मंडळी. सप्टेंबरच्या शेवटी आई-बाबांना घेऊन इटलीला चालले आहे. रोम आणि फ्लॉरेन्स ठरलंय. बाबांच्या आग्रहाने मध्ये बोलोन्याचा मुक्कामही घेतलाय. बाबा शाळेत इतिहास शिकवायचे, त्यामुळे १०८८ सालचं विद्यापीठ आणि कमानींचे रस्ते त्यांना डोळ्यांनी बघायचेत.

तिथून एका दिवसाची मार्गदर्शकासह सहल दिसली. सकाळी सातला गाडी घ्यायला येते. पार्मिजानो चीजचा कारखाना, पार्मा हॅमचं कोठार, बाल्सामिक व्हिनेगर बनवणारं घर, मग जेवण आणि वाइन. माणशी १७० युरो. तिघांचे मिळून बरेच होतात.

बाबा सगळं खातात. आई मांसमच्छी आणि अंडं अजिबात खात नाही, दूधदुभतं चालतं. तिला दिवसभर नुसतं बघत बसावं लागेल का? आणि हेच आपलं आपण ट्रेनने करता येईल का? बाबांचे गुडघे जरा दुखतात, तेही लक्षात घेऊन सांगा.

शिरीष_के

आम्ही ट्रेननेच केलं होतं. बोलोन्याहून मोदेना साध्या लोकल गाडीने अर्ध्या तासाच्या आत येतं. कॅथेड्रल आणि १९३१ साली सुरू झालेला आल्बिनेल्ली बाजार बघितला. नगरपालिकेच्या इमारतीच्या माळ्यावर गावाच्या मालकीची व्हिनेगरची पिंपं आहेत, आधी नाव नोंदवून तीही बघता येतात. खर्च फारच कमी.

चीजचे कारखाने मात्र शेतांमध्ये विखुरलेत, स्टेशनजवळ काही नाही. गाडी हवीच.

अनघा_मोदेना

मुक्ता, मी लग्नानंतर मोदेनाजवळच्या एका गावात राहते. चीजचा कारखाना घरापासून सायकलच्या अंतरावर आहे, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

सहलीला नक्की जा. पण पैसे भरण्याआधी एकच प्रश्न विचारा: चीज बनत असताना आत नेणार आहात का, आणि किती वाजता? पार्मिजानो रोज सकाळीच बनतं, वर्षाचे सगळे दिवस, नाताळालासुद्धा, कारण गाई सुट्टी घेत नाहीत. दहा-साडेदहापर्यंत मुख्य काम आटोपलेलं असतं. अकरा वाजता पोचणाऱ्या सहलीला धुतलेली फरशी आणि काचेपलीकडची रिकामी भांडी दिसतात. तुमची सातला निघतेय, हे चांगलं लक्षण आहे.

आत काय बघायचं ते सांगते. आदल्या संध्याकाळचं दूध रात्रभर पसरट हौदांमध्ये ठेवलेलं असतं. वर आलेली साय काढून घेतात आणि त्या दुधात सकाळचं साय न काढलेलं दूध मिसळतात. मग ते तांब्याच्या मोठ्या, तळाशी निमुळत्या होत जाणाऱ्या भांड्यांत जातं. एकेका भांड्यात हजार लिटरच्या वर दूध असतं. त्यात कालच्या चीजची निवळी विरजण म्हणून घालतात आणि मग रेनेट, म्हणजे दूध घट्ट करणारा पदार्थ. काही मिनिटांत दूध घट्ट होतं. ते तारांच्या गोल पिंजऱ्यासारख्या हत्याराने फोडून तांदळाच्या दाण्याएवढे कण करतात आणि ५५ अंशांपर्यंत तापवतात. कण तळाशी जाऊन एकजीव होतात. त्यानंतर दोन माणसं लाकडी फावड्याने तो गोळा हलवतात, खालून कापड सरकवतात आणि वर उचलतात. सुरीने त्याचे दोन भाग होतात. एका भांड्यातून दोन चाकं, त्यांना इथे जुळी म्हणतात. हे उचलणं बघायला मिळालं की सहलीचे पैसे वसूल झाले असं मी मानते. त्या माणसांच्या हातांकडे बघा, ती एकमेकांशी बोलतसुद्धा नाहीत.

पुढे चाक सुमारे वीस दिवस मिठाच्या पाण्यात राहतं आणि मग कोठारात जातं. छतापर्यंत फळ्या, प्रत्येक फळीवर चाकं. एका चाकाला साधारण ५५० लिटर दूध लागतं आणि वजन ४० किलोच्या आसपास भरतं. बारा महिन्यांनी पार्मिजानो उत्पादकांच्या संघाचा तपासनीस छोटी हातोडी घेऊन येतो आणि चाक ठोकून आवाज ऐकतो. आत भेग किंवा पोकळी असली तर आवाज बदलतो. नापास चाकाच्या सालीवरची टिंबांची अक्षरं खरवडून टाकतात, मग त्याला पार्मिजानो रेज्जानो म्हणून विकता येत नाही. हा संघ १९३४ पासून आहे, नाव मात्र त्याहून खूप जुनं. १२५४ साली जेनोव्हातल्या एका दस्तऐवजात पार्माच्या चीजचा उल्लेख आहे. बेनेडिक्टाइन आणि सिस्टर्शियन मठांनी ही दलदलीची जमीन निचरा करून कुरणाखाली आणली, मिठाचे झरे जवळच होते. बाबांना हे जरूर सांगा. इतक्या दुधाचं टिकाऊ काहीतरी करायची गरज त्या मठांना होती, म्हणून चाक एवढं मोठं आणि एवढं कोरडं.

रेज्जो एमिलियातली क्रेदेम बँक ही चाकं तारण ठेवून कारखान्यांना कर्ज देते. बँकेची चीजची गोदामं आहेत, त्यात चाकं पिकत राहतात. मे २०१२ मध्ये इथे भूकंप झाला तेव्हा अशी कोठारं कोसळली, फळ्याच्या फळ्या आडव्या झाल्या. फुटलेलं चीज विकून कारखान्यांना उभं करायला देशभरातून लोकांनी ते विकत घेतलं. आमच्या गल्लीत प्रत्येक घरात तेव्हा फुटक्या चाकाचे तुकडे होते. कोठारात शिरले की मला अजूनही आधी फळ्यांचे लोखंडी खांब दिसतात.

चव देताना १२, २४ आणि ३६ महिन्यांची ओळीने देतात. त्याच क्रमाने खा. १२ चं दुधाळ आणि मऊ असतं. २४ पासून दाताखाली पांढरे कण कुरकुरतात. ते मीठ नव्हे, प्रथिनं फुटून तयार झालेले टायरोसिनचे स्फटिक असतात. ३६ चं तिखटसर आणि कोरडं. कुणाला दूध पचत नसेल तर हे चालतं, त्यात लॅक्टोज (दुधातली साखर) उरतच नाही.

आता आईंचं. हे त्यांना पुण्यातच सांगा, इथे टेबलावर बसल्यावर नको. पार्मिजानोचं रेनेट वासराच्या जठरातून काढलेलं असतं. नियमावलीतच तसं आहे, दुसरं चालत नाही. म्हणजे शाकाहारी पार्मिजानो असा प्रकारच नाही. इथले लोक मनापासून सांगतील की चीज शाकाहारी आहे, कारण त्यांच्या लेखी मांसाचा तुकडा नसला की झालं. त्यांचा हेतू फसवण्याचा नसतो. पण माझ्या सासरी माझी आई आली होती तेव्हा मी हे तिला आधी सांगितलं आणि निर्णय तिच्यावर सोडला. तोच मार्ग मला बरोबर वाटतो.

तसंच ब्रेडचं. तिजेल्ले नावाच्या छोट्या भाकऱ्या आणि न्योक्को फ्रित्तो नावाची तळलेली फुगीर पुरी इथे आवर्जून देतात. दोन्हींमध्ये जुन्या पद्धतीने डुकराची चरबी असते, पीठ मळताना किंवा तळताना. तिचं नाव स्त्रुत्तो. हा शब्द पाठ करून ठेवा. ताज्या पास्त्यात अंडं असतंच, एमिलियाचा पास्ता म्हणजे मैदा आणि अंडी.

बाल्सामिकोच्या घरी मात्र आईंना सगळं खाता येईल. पारंपरिक बाल्सामिकोत द्राक्षाच्या रसाशिवाय काहीच नसतं. त्रेब्बियानो आणि लांब्रुस्को द्राक्षांचा रस उघड्या भांड्यात तासन्‌तास आटवतात आणि तो माळ्यावरच्या पिंपांत जातो. पिंपं ओळीने लहान होत जातात, लाकूड वेगवेगळं: ओक, चेस्टनट, चेरी, तुती, जुनिपर. दरवर्षी सगळ्यात लहान पिंपातून थोडंसं काढतात, तेवढं शेजारच्या मोठ्यातून भरतात, असं करत शेवटच्या मोठ्या पिंपात नवा रस घालतात. माळा मुद्दाम निवडलेला असतो. उन्हाळ्यात तापतो तेव्हा आंबणं आणि आटणं चालतं, हिवाळ्यात गारठतो तेव्हा ते निवळतं. कमीत कमी १२ वर्षं, आणि जुन्या प्रतीला २५. चव काकवीच्या दाटपणाची, पण आंबट. मुलगी जन्मली की पिंपांची नवी ओळ मांडायची आणि लग्नात ती तिला द्यायची, अशी इथे रीत होती. माझ्या सासूबाईंकडे तशी ओळ आहे, त्यांच्या वडिलांनी मांडलेली.

तुम्ही सप्टेंबरअखेर येताय म्हणजे द्राक्षतोडणीचे दिवस. नशिबात असेल तर रस आटवताना बघायला मिळेल, वास अंगणभर असतो.

खरेदीचं: मोदेनाचं पारंपरिक बाल्सामिको फक्त १०० मिलिलिटरच्या एकाच आकाराच्या बाटलीत येतं, गोल पोटाची आणि चौकोनी तळाची. ती जॉर्जेत्तो जुजारो यांनी घडवली, मोटारींचे आकार बनवणारे तेच. १२ वर्षांची बाटली ५० युरोच्या आसपास, २५ वर्षांची बरीच महाग. दुकानात तीन-चार युरोला मिळतं ते आयजीपी (संरक्षित भौगोलिक नावाचा शिक्का असलेलं) बाल्सामिको. ते वाइनचं व्हिनेगर आणि द्राक्षरस मिसळून साठ दिवसांतही तयार होऊ शकतं. कोशिंबिरीला ते छान आहे, पण वस्तू वेगळी.

गुडघ्यांसाठी: माळ्याचे जिने अरुंद असतात आणि कारखान्याची फरशी ओली. बुटांवर प्लास्टिकच्या पिशव्या चढवायला लावतात, त्या घसरतात. बाबांचा हात धरा.

हॅम मी त्या दिवशी वगळलं असतं. हॅमचं गाव लांगिरानो पार्माच्या दक्षिणेला डोंगराकडे आहे, मोदेना उलट दिशेला. मधला सगळा वेळ गाडीत जातो. त्यापेक्षा चीज आणि बाल्सामिको करून दुपारी मोदेनात उतरा.

गंधार_मिलानो

अनघाताई, बाकी सगळं पटलं, पण हॅमला इतकं सहज वगळू नका. बाबा खातात ना? मी माझ्या वडिलांना लांगिरानोला घेऊन गेलो होतो. डोंगराकडून येणारा वारा आत घ्यायला कोठारांना उंच, अरुंद खिडक्या असतात आणि हवेप्रमाणे त्या उघडतात-मिटतात. हॅमला फक्त डुकराची मांडी आणि मीठ लागतं. तपासणारा घोड्याच्या हाडाची बारीक सुई ठराविक जागी खुपसतो आणि लगेच हुंगतो. ते हाड वास पटकन धरतं आणि पटकन सोडतं, म्हणून लगेच पुढची मांडी तपासता येते. पास झाली की पाच टोकांचा मुकुट डागतात. माझे वडील आजही सगळ्यांना त्या सुईचंच सांगतात.

मुक्ता, वेगळ्या दिवशी पार्माला जाऊन फक्त बाबांसोबत अर्धा दिवस काढा. आई बोलोन्यात आराम करू शकतील.

मुक्ता_सहकारनगर

सगळ्यांचे मनापासून आभार! रेनेटचं आईला सांगितलं. ती थोडा वेळ गप्प बसली आणि मग म्हणाली, "बनवताना बघायला मी येणार, तोंडात घालणार नाही." तिच्या माहेरी गोठा होता, तिला दुधाचं काम बघायचंच आहे. सहलवाल्यांना हॅम वगळून मोदेना घेता येईल का असं विचारलं, ते तयार आहेत.

दोन प्रश्न. आईच्या जेवणाचं काय सांगू? आणि मोदेनात बाबांना काय दाखवू, दोनच तास आहेत.

अनघा_मोदेना

आईंचं बोलणं वाचून फार आनंद झाला. त्यांना गोठाही दाखवायला सांगा, बऱ्याच कारखान्यांना लागून असतो. गाईंना फक्त गवत, वाळका चारा आणि थोडं धान्य देतात, मुरवलेल्या चाऱ्याला बंदी आहे. आणि एक गोष्ट त्यांना आवडेल: या पट्ट्यातल्या गोठ्यांमध्ये खूप पंजाबी माणसं काम करतात. रेज्जोजवळच्या नोव्हेल्लारा गावात त्यांचा मोठा गुरुद्वारा आहे, २००० साली बांधलेला. गोठ्यात कुणी भेटलं तर आईंना हिंदीत गप्पा मारता येतील.

जेवण: आदल्या दिवशी मार्गदर्शकाला लिहून कळवा. अंडं नाही, मांस नाही, स्त्रुत्तो नाही, रेनेटचं चीज नाही. नुसतं "शाकाहारी" लिहू नका. मागा असं: सुका पास्ता (तो अंड्याशिवाय असतो) टोमॅटोच्या रश्शासोबत, वर चीज न किसता, भाजलेली पोलेंता म्हणजे मक्याच्या पिठाचे तुकडे, निखाऱ्यावरच्या भाज्या, ऑलिव्ह तेल आणि बाल्सामिको. रिकोटा नावाचं मऊ चीजही टाळा, ते रेनेटच्याच निवळीतून निघतं. मास्कार्पोने हे सायीचं चीज आम्लाने घट्ट करतात, ते चालेल, पण त्याच्या तिरामिसू नावाच्या गोड पदार्थात अंडं असतं. शेवटी दुधाच्या आइस्क्रीमवर जुन्या बाल्सामिकोचे चार थेंब, आइस्क्रीममध्ये अंडं नाही ना एवढं विचारून.

मोदेनात बाबांना आधी व्हिया एमिलियावर उभं करा. रिमिनी ते प्याचेन्झा हा रोमन रस्ता इ.स.पू. १८७ मध्ये कॉन्सल मार्कुस एमिलियुस लेपिदुसने बांधला. तो आजही गावाच्या मधोमध जातो आणि या प्रांताला नाव त्याचंच आहे. तिथून दोन मिनिटांवर कॅथेड्रल. १०९९ साली काम सुरू झालं, स्थपती लान्फ्रांको, शिल्पकार व्हिलिजेल्मो. बाजूच्या पेस्केरिया दारावर बारा महिन्यांची शेतीची कामं कोरली आहेत, ती वाचायला बाबांना वेळ द्या. मग मागच्या बाजूला चौकात या. भिंतीवर मध्ययुगीन मापं कोरली आहेत, विटेचं माप, कौलाचं माप. बाजारात कुणी फसवलं असं वाटलं तर लोक इथे येऊन मोजून बघायचे. तिथून आल्बिनेल्ली बाजार जवळच आहे, पण तो दुपारी लवकर मिटतो, तेव्हा मार्गदर्शकाला जेवणाआधी बाजार आणि नंतर कॅथेड्रल असा क्रम ठेवायला सांगा.

सहल रविवारी ठेवू नका. चीज त्या दिवशीही बनतं, पण बाजार बंद असतो.