मदत हवी आहे: रेखांश म्हणजे नक्की काय मोजतात?

नमस्कार मंडळी, मी तासगावचा, द्राक्षबाग आहे. पीक पाहणीचा फोटो काढताना मोबाईलवर दोन आकडे येतात, एक १७.०३ च्या आसपास, दुसरा ७४.६ च्या. पहिला अक्षांश, तो डोक्यात बसतो, विषुववृत्त शून्य आणि तिथनं उत्तरेला किती अंश आलो ते. पण रेखांशाचं काय कळंना. पृथ्वी नुसती पूर्वेला फिरती, त्या बाजूला ना सुरुवात ना शेवट, मग ७४.६ मोजले कुठनं? ग्रीनिच हे शाळेत पाठ केलेलं पण ग्रीनिचच का, तिथं काही खास आहे का? आपल्याकडं जुन्या गणितात उज्जैनची रेघ धरायचे म्हणे.

दुसरं, बागेच्या पूर्वेच्या आणि पश्चिमेच्या बांधात ०.००१ चा फरक येतो, म्हणजे किती फूट? आणि भाचा म्हणतो एक अंश म्हणजे चार मिनिटं, तर कोनाची मिनिटं कशी काय झाली? नुसतं उत्तर नको, का ते पण सांगा की.

प्रतिसाद:
दादा, शून्य कुठंही धरता येतं. विषुववृत्त पृथ्वीच्या फिरण्यानंच ठरतं, रेखांशाला तसं काही नाही, ते माणसांनी ठरवलं. १८८४ ला वॉशिंग्टनच्या परिषदेत ग्रीनिच ठरलं, कारण तोवर बरीचशी जहाजं ग्रीनिचवरनं काढलेले नकाशेच वापरत होती. ७४.६ हा ग्रीनिचची रेघ आणि तुमच्या बागेवरची रेघ यांच्यातला कोन आहे, अंतर नाही. या सगळ्या रेघा मोसंबीच्या फोडींसारख्या दोन्ही ध्रुवांवर एकत्र येतात, म्हणून विषुववृत्तावर एक अंश साधारण १११ किमी, तुमच्याकडं १०६, आणि ध्रुवावर शून्य. तुमचे ०.००१ म्हणजे १०६ मीटर, साडेतीनशे फूट धरा.

भाचा बरोबर बोलतोय. पृथ्वी २४ तासात ३६० अंश फिरती, तासाला १५, मग अंशाला ४ मिनिटं. खलाश्यांना रेखांश काढायला ग्रीनिचची वेळ दाखवणारं घड्याळ लागायचं, ते ४ मिनिटं चुकलं की जहाज एक अंश चुकलं. त्यासाठी ब्रिटिश संसदेनं १७१४ ला मोठं बक्षीस लावलं आणि समुद्रावर टिकणारं घड्याळ शेवटी बनवलं जॉन हॅरिसन नावाच्या एका सुतारानं! मला ही गोष्ट फार आवडते.

धागाकर्ता:
लई आभार, आता उलगडलं. म्हणजे आपलं घड्याळ ८२.५ अंशावर चालतं, मी ७.९ अंश पश्चिमेला, म्हणून काठीची सावली सगळ्यात आखूड १२:३२ ला होणार का?

प्रतिसाद:
सरासरी धरली तर हो. पण पृथ्वीची कक्षा लंबगोल आणि आस कललेला, त्यामुळं वर्षभरात मागंपुढं होतं. फेब्रुवारीच्या मध्यात पावणेएक वाजतो, नोव्हेंबरच्या सुरुवातीला सव्वाबारालाच. काठी ओळंब्यानं सरळ रोवा आणि बारापासनं दर पाच मिनिटाला सावलीच्या टोकाला खूण करत जा.