सहा मिनिटांचा जपानी मूकपट, पुढचा भाग कुणाकडे आहे का?

खाडीकाठ_वेंगुर्ला:
काल पावसात लाईट गेली म्हणून मोबाईलवर आधीच उतरवून ठेवलेला 'चिकेमुरी ताकादानोबाबा' बघितला, १९२८ चा, दिग्दर्शक दाइसुके इतो. यासुबेई नावाचा दारुडा सामुराई घरी येतो तर काकाची चिठ्ठी, काका तलवारी घेऊन लढायला गेलाय, आणि मग हा जो पळत सुटतो ना, कॅमेरापण त्याच्याबरोबर धावतो, तिथे पोचेपर्यंत उशीर झालेला, मग सूड. पण सहाच मिनिटांत खल्लास, आवाजपण नाही. फाईल अर्धवट आहे का?

रापणवाला:
मेल्या फाईल बरी आसा, पिच्चरच तेवढो उरलो हा. बाकीची रिळा गेली.

जुनी_रिळं:
बरोबर. तेव्हाची फिल्म नायट्रेटची, आग पटकन लागायची, आणि जपानचे बहुतेक मूकपट गेलेतच. यासुबेई मात्र खरा माणूस, ही लढाई १६९४ ची. नंतर तो होरिबे घराण्यात दत्तक गेला आणि मालकाच्या मृत्यूचा सूड घेणाऱ्या त्या प्रसिद्ध ४७ रोनिनांतला, म्हणजे बिनमालकाच्या सामुराईंतला, एक झाला. कॅमेऱ्याचं म्हणशील तर इतोला तिकडे गमतीने 'इदो दाइसुकी' म्हणायचे, म्हणजे हलवाहलवीची भारी आवड असलेला 😀
आणि आवाज नव्हता असं नाही हां. पडद्याच्या बाजूला बेन्शी बसायचा, तो एकटाच सगळ्यांचे संवाद म्हणायचा, लोक बेन्शीचं नाव बघून तिकीट काढायचे. म्हणून तर तिकडे १९३० नंतरही बरीच वर्षं मूकपट निघत राहिले.

खाडीकाठ_वेंगुर्ला:
म्हणजे आपल्या दशावतारासारखंच की!

जुनी_रिळं:
नाही रे, दशावतारात ज्याचं सोंग तोच बोलतो, तेही आयत्या वेळी सुचेल तसं. इथे नट गप्प आणि बोलणारा भलताच. पूर्ण काही बघायचं असेल तर १९२५ चा 'ओरोची' बघ, नट बांदो त्सुमासाबुरोचा, जवळजवळ सगळा टिकलाय, सूडापेक्षा अन्यायाची गोष्ट आहे पण शेवटची मारामारी बघच.

रापणवाला:
पखवाज आणि झांज लाव रे मागे, आमच्या युद्धासारख्या वाटतला.

खाडीकाठ_वेंगुर्ला:
पखवाज कुठला, आज परत लावला तर आजी शेजारी येऊन बसली, "ह्यो खय धावता रे?" म्हणून. चिठ्ठीपासून सगळं सांगावं लागलं, काका कोण, समोरचे कोण, आणि माझं सांगून व्हायच्या आत पिच्चर संपला. आता म्हणते परत लाव.