श्वासला ऑस्करचं नॉमिनेशन होतं की नव्हतं?

मालवणकर: आमच्या वाडीत वाद चाललाय, एकजण म्हणतो श्वासला ऑस्करचं नॉमिनेशन होतं, दुसरा म्हणतो नुसता पाठवलेला. खरं काय? आणि कोकणातल्या पिक्चरला कधी मोठं अवॉर्ड मिळालंय का?

दापोलीची ताई: नॉमिनेशन नव्हतं दादा. परभाषेतल्या पिक्चरच्या गटात प्रत्येक देश एकच पिक्चर पाठवतो, २००४ला आपल्याकडून श्वास गेला, पण शेवटच्या पाचात येतात तेच नॉमिनी, आणि त्यात आपले आजवर तीनच, मदर इंडिया, सलाम बॉम्बे आणि लगान, जिंकला एकही नाही.

देवगडवाला: अरे पण राष्ट्रीय पुरस्कार विसरू नका! श्वासला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं सुवर्णकमळ आहे, शिवाय अश्विन चितळेला बालकलाकाराचा पुरस्कार. कोकणातला पोरगा, डोळ्यांचा कॅन्सर, ऑपरेशननंतर दिसणार नाही म्हणून आजोबा त्याला आधी हॉस्पिटलबाहेर नेऊन शहर दाखवतात, तो भाग बघताना माझा अजून गळा भरून येतो. आणि १९५४ला पहिल्याच वर्षी सुवर्णपदक श्यामची आईला, म्हणजे आपल्या पालगडच्या साने गुरुजींची गोष्ट!

मालवणकर: भारीच. कासवला पण मिळालेलं ना?

दापोलीची ताई: हो, २०१७ला सुवर्णकमळ, सुमित्रा भावे-सुनील सुकथनकरांचा. पण ऑस्करची निवड वेगळी असते, दिल्लीचं सुवर्णकमळ मिळालं म्हणजे तोच जाईल असं नाही, त्या वर्षी न्यूटन गेला. माझ्या मते कासवच जायला हवा होता.