कथेत लिहिलं तर कुणी मानणार नाही असे दगड : तुमचे अनुभव सांगा

एक काल्पनिक जग रचतेय. त्याच्या नकाशात आभाळाकडे वाहणारं पाणी, आपोआप चालणारे दगड, दिशा फिरवणारी जमीन असं सगळं घातलं. पहिलं वाचन करणारी मैत्रीण म्हणाली, "अगं, जरा पटेल असं लिही." आता बोला! यातलं बरंचसं तर खरंच कुठे ना कुठे उघड्यावर पडलेलं आहे. तेव्हा मंडळी, 'हे शक्यच नाही' असं वाटायला लावणारं, स्वतः पाहिलेलं ठिकाण सांगा. ऐकीव नको.

सुरुवात मीच करते. नाणेघाट, ऐन पावसाळा. कड्यावरून निघालेली धार खाली जातच नाही. कोकणातून येणारा वारा कड्याला थडकून वर उसळतो आणि पाणी उचलून आपल्याच अंगावर फेकतो. रेनकोटची टोपी कितीही आवळा, पाणी हनुवटीखालून शिरतं. वारा पडला की धबधबा मुकाट खाली कोसळतो, जोर आला की पुन्हा उलटा. माझ्या जगातली उलटी नदीही मी आता वाऱ्याच्या मर्जीवर सोडली आहे.

कातळवेडा
निघोजचे रांजणखळगे. कुकडी नदीच्या पात्रात काळा बेसॉल्ट (लाव्हा थिजून झालेला खडक), आणि त्यात पाण्याने कोरलेले खोल खळगे. पुराच्या भोवऱ्यात सापडलेले गोटे एकाच जागी गरगरत राहतात, कातळ घासतात आणि स्वतःही झिजतात. उन्हाळ्यात पाणी उतरल्यावर एका उथळ खळग्यात हात घातला, तर तळाशी ते गोटे अजून होते, वापरून संपत आलेल्या साबणाच्या वडीसारखे गुळगुळीत. म्हणजे कारागीर हत्यारं तिथेच टाकून गेलेला! काही ठिकाणी शेजारशेजारच्या दोन खळग्यांमधली भिंत झिजून फुटली आहे आणि दोन्ही आतून एक झालेत. काठावर पाय जपून ठेवा, सेल्फीवाल्यांनी तर जास्तच.

माहेर_बुलढाणा
लोणार. विवराचा व्यास सुमारे १.८ किमी, उल्का आदळून बेसॉल्टमध्ये झालेलं. काठावरच्या 'धार' या झऱ्याचं पाणी गोडं, आणि उतरून तळ्याशी जावं तर पाणी खारट, अल्कधर्मी, वर तो उग्र दर्प. जून २०२० मध्ये तळं चक्क गुलाबी झालं, खारं पाणी मानवणाऱ्या सूक्ष्मजीवांमुळे. आजी सांगायची, हे लोणासुराचं बीळ, देवाने वरचं झाकण उडवून त्याला मारलं. आभाळातून काहीतरी आलं आणि जमिनीला भोक पडलं, एवढं तरी दोन्हीकडे जुळतंच की!

सध्या_कॅलिफोर्निया
चालणारे दगड हवेत ना? डेथ व्हॅलीतलं रेसट्रॅक प्लाया. वाळलेल्या, सपाट तळ्यावर धोंडे, आणि प्रत्येकामागे लांबलचक चरा. काही चरे मध्येच वळतात. आजूबाजूला माणसाच्या वा जनावराच्या पावलांची खूण नाही. काही धोंडे तर ३०० किलोच्या घरातले. उलगडा २०१४ मध्ये प्रसिद्ध झाला: हिवाळ्यात तळ्यावर थोडं पाणी साचतं, रात्री त्यावर पातळ बर्फ धरतो. उन्हात तो बर्फ फुटतो आणि हलक्या वाऱ्याने सरकणाऱ्या त्याच्या लाद्या दगडांना चिखलावरून ढकलतात. म्हणजे वादळ नाही, भूत नाही, अवघ्या काही मिलिमीटर जाडीचा बर्फ! अवांतर: जमीन ओली असताना तिथे चालू नका, पावलांचे ठसे वर्षानुवर्षं राहतात.

धागाकर्ती
@सध्या_कॅलिफोर्निया, हे मी चोरलं. माझ्या जगात दगड फक्त थंडीत चालतील.

सड्यावरचा
राजापूर तालुक्यातलं देवाचे गोठणे. जांभ्याच्या सड्यावर (सपाट खडकाळ माळावर) कोरलेली मानवाकृती, कोकणातल्या कातळशिल्पांपैकी एक. तिच्यावर होकायंत्र ठेवलं की काटा भलतीकडेच वळतो. थोडं बाजूला सरकलो तर सरळ. पुन्हा आकृतीवर नेलं, पुन्हा वेडा. आमचा मुलगा खेळणं सापडल्यासारखा तेच करत राहिला. जांभ्यात लोह असतं हे ठाऊक होतं, पण सगळा सडा सोडून चित्राच्याच जागी काटा फिरावा? खोदणाऱ्यांकडे होकायंत्र कुठलं असणार!

अंधेरीकर
एवढं लांब कशाला? अंधेरी पश्चिमेला गिलबर्ट हिल. लाव्हा थंड होताना आक्रसला आणि तडकून उभे बहुकोनी खांब झाले. काही कोटी वर्षांचे. चहूबाजूंनी इमारती, माथ्यावर देऊळ, वर जायला पायऱ्या. रिक्षावाल्याला नाव सांगा, थेट पायथ्याशी सोडतो.