गदिमा आधी पटकथाकार की आधी गीतकार?

खासबागकर
परवा आपल्या पेठेत गदिमांवर कार्यक्रम झाला. दोन तास नुसती गाणी. 'दो आँखें बारह हाथ'चं नावसुद्धा कुणी काढलं नाही. माझं म्हणणं सरळ आहे: हा माणूस आधी पटकथाकार, मग गीतकार.

1957 च्या त्या चित्रपटाची कथा गदिमांची. राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं, पुढच्या वर्षी बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात रौप्य अस्वल. त्यात गदिमांचं एकही गाणं नाही, सगळी भरत व्यासांची. गोष्ट कुठली? औंध संस्थानानं आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवलं, कैद्यांना भिंतीबाहेर आणून शेती करायला लावली. गदिमांचं माडगूळ त्याच मुलखातलं.

आणि धडे कुठं गिरवले? इथं, कोल्हापुरात. मास्टर विनायकांच्या हंस पिक्चर्समध्ये. 'ब्रह्मचारी'त (1938) किरकोळ काम केलं, लेखक वि. स. खांडेकरांचे लेखनिक झाले. खांडेकरांची नजर अधू. ते सांगणार, हा पोरगा उतरवून घेणार. विनायकांसाठी 'छाया', 'देवता' लिहिणाऱ्या माणसाच्या हाताखाली बसायला मिळालं, यापेक्षा मोठी शाळा कुठली?

पंचगंगाकाठ
भावा, कोल्हापूरचं कौतुक जरा आवर. माणूस पुढं पुण्यात राहिला, पुण्यातच मोठा झाला. आणि 'दो आँखें'चे दिग्दर्शक व्ही. शांताराम नसते तर सहा खुनी नि एक जेलर ही गोष्ट कागदावरच राहिली असती. पिक्चर दिग्दर्शकाचा असतो.

मंगळवारपेठी
मग गाणी संगीतकाराची म्हणायची का? उचलली जीभ लावली टाळ्याला.

पंचगंगाकाठ
तसं नव्हे हो. मी गाण्यातली पटकथा म्हणतोय. 'जगाच्या पाठीवर'मधलं (1960) 'एक धागा सुखाचा' घ्या. बाळपणीचं अंगडं, तारुण्यातली रंगीत वस्त्रं, शेवटी जीर्ण शाल. कपडे बदलत जातात आणि माणसाचा अख्खा जन्म सरतो. हे लिहायला दुसऱ्याला चार सीन लागले असते. गदिमांचं पटकथालेखन गाण्यातच जास्त चोख आहे, म्हणून लोक गाणी गातात. लोक काही खुळे नाहीत.

खासबागकर
उदाहरण छान दिलंस, पण ते माझ्याच बाजूला पडतंय! असं गाणं पटकथाकारालाच सुचतं. पुढं काय घडणार हे ज्याच्या डोक्यात पक्कं, त्यालाच गाणं कुठं टाकायचं ते कळतं. आणि 'लाखाची गोष्ट' (1952) बघ. मुलगी पाहिजे? मग लाख रुपये ठरल्या मुदतीत उडवून दाखव. पैसे कमवायची नव्हे, उडवायची अट! त्यातून राजा परांजप्यांनी अख्खी पोट धरून हसवणारी गंमत उभी केली. तिथं गाणी काढून टाकली तरी पिक्चर चालतो.

उत्तरेश्वरचा बंड्या
राजाभाऊ परांजपे, बाबूजी (संगीतकार सुधीर फडके) आणि गदिमा, तिघांना सुटं सुटं तोलून काय मिळणार? बाबूजी तर आपल्याच कोल्हापूरचे. कुणाचं किती हे ते तिघं सोडून कुणाला सांगता येणार नाही.

पंचगंगाकाठ
हे मात्र पटलं. तरी गीतरामायणातली 56 गीतं एका पारड्यात आणि त्यांच्या सगळ्या पटकथा दुसऱ्या पारड्यात ठेवा. 1955 साली पुणे आकाशवाणीवरून ती ऐकू यायला लागली आणि बाकी गदिमा त्यांच्या सावलीत गेले. त्याला लोक काय करणार?

मंगळवारपेठी
गदिमा एकटेच नाहीत ओ. 'पिंजरा' (1972) म्हटलं की जगदीश खेबुडकरांची गाणी आठवतात. संवाद शंकर पाटलांचे, आपल्या पट्टणकोडोलीचे, हे किती जणांना ठाऊक आहे? मास्तर कसा ढासळत जातो ते संवादांतून बघा एकदा.

खासबागकर
म्हणूनच पुढच्या वेळी पेठेत गाण्यांचा कार्यक्रम ठेवला तर मी येणार नाही. 'रामजोशी' लावा. 1947 चा, दिग्दर्शन बाबूराव पेंटरांचं, लेखणी गदिमांची. बघून झालं की मग बोलू, आधी पटकथाकार की आधी गीतकार.

पंचगंगाकाठ
'रामजोशी'? अरे शाहिरावरचाच पिक्चर निवडलास की! बसून बघतो, पण सगळे लावण्याच गुणगुणत बाहेर पडणार, पैज लावतोस का?