शब्दचर्चा: बालीच्या 'बासऽ'ला मराठीत मसाला म्हणावं की वाटण?

शब्दखुळी

मंडळी, एक शब्द डोक्यात अडकलाय तो तुमच्यापुढे टाकते. मागच्या महिन्यात बालीला गेले होते, त्यातले पाच दिवस उबुदच्या पुढे एका खेड्यात एका कुटुंबाकडे राहून सैपाक शिकले. हॉटेलातला तो दोन तासांचा क्लास नाही, एप्रन-बिप्रन काही नव्हतं, पहाटे पाचला मेमेबरोबर बाजारात जायचं (मेमे म्हणजे आई, सगळे तिला मेमेच म्हणायचे मग मीपण) आणि सहाला चुलीपुढे. त्यांच्याकडे सगळा सैपाक सकाळीच उरकतो आणि मग ज्याला जेव्हा भूक लागेल तेव्हा तो आपापलं वाढून घेतो, एकत्र पंगत वगैरे फक्त समारंभाला.

तर शब्द आहे 'बासऽ गनप'. रोमन लिपीत जे लिहितात ते वाचून आपण 'बेस जेनेप' म्हणतो, मीपण तेच म्हणत गेले आणि दोन दिवस कुणाला काही कळेना. त्यांचा तो 'ए' म्हणजे बऱ्याचदा आपला साधा अ असतो, आणि शब्दाच्या शेवटचा मोकळा 'आ' पण अ होतो. म्हणजे देवनागरीत लिहिलं तर एका फटक्यात बरोबर येतं, रोमनमध्येच घोळ आहे. बासऽ मधला शेवटचा अ मात्र पूर्ण म्हणायचा, आपल्या 'बास'सारखा खाऊन टाकायचा नाही.

बासऽ गनप म्हणजे छोटे कांदे, लसूण, आलं, हळद, कुळंजन, मिरच्या, धणे, मिरी, जायफळ, तीळ, जंगली अक्रोड, कोळंबीची कुजवलेली चटणी असं सगळं चिरून मग दगडावर बारीक केलेला ओला गोळा. हा जवळजवळ सगळ्यात पडतो. माझ्या वहीत मी पहिल्या दिवशी 'बालीचा मसाला' लिहिलं आणि तिथेच चुकले. कारण मसाला म्हटल्यावर माझा हात आपोआप कुटायला गेला. त्यांचा दगड, चोबेक, थाळीसारखा पसरट असतो, त्यावर ठाण ठाण करून मी जो बत्ता आपटला की मिरचीचा थेंब थेट डोळ्यात. मेमेची सासू (आजीला दादोङ म्हणतात) इतकी हसली की तिच्या तोंडातलं पान बाहेर आलं. मग तिने माझं मनगट धरून दाखवलं, आपटायचं नाही, पुढे ढकलायचं आणि मागे ओढायचं. अगं बाई हे तर वाटणं आहे!

म्हणून प्रश्न. वाटण म्हणावं का? आणि 'गनप' म्हणजे पूर्ण, पुरेपूर, काही कमी न राहिलेलं, त्याला काय म्हणाल?

पाटावरवंटा

वाटणच. यात चर्चा कसली. मसाला कुटतात, वाटण वाटतात. मसाला मे महिन्यात डंकावरून आणायचा आणि बरणीत हिंग घालून वर्षभर ठेवायचा, वाटण आज केलं आज संपलं. क्रियापदच सांगतं की वस्तू कोणती. 'मसाला' शब्द तसाही अरबी 'मसालिह'वरून फारसीतून आलेला, 'वाटणे' आपलं घरचं.

वेंगुर्ल्याची

आमच्यात वाटण नाय, वाटप म्हणतत. खोबऱ्याचा वाटप, माशाचा वाटप. पुण्यात आल्यावर शेजारणीला म्हटलं वाटप करायला घेतलंय तर ती विचारते कशाचं, प्रसादाचं का 😄

नुसताच_वाचक

शब्दखुळीताई, एक शंका. बालीच्या भाषेला पण 'बासा बाली' म्हणतात ना? मग हा बासऽ आणि तो बासा एकच का?

शब्दखुळी

@नुसताच_वाचक हो, लिहितात अगदी सारखं, बोलतात पण सारखंच. भाषावाला बासऽ म्हणजे सरळ आपला 'भाषा'. त्यामुळे मेमेच्या लेकीने पहिल्या दिवशी विचारलं 'बासऽ शिकायचीय?' तर मी म्हटलं नको, पाच दिवसांत कुठे येणार, त्यापेक्षा सैपाकच शिकते.

@पाटावरवंटा क्रियापदाचा मुद्दा एकदम पटला, पण एक गंमत. त्याच घरात दुसरा प्रकार पण होता, 'बासऽ राजांग'. तो वाटतच नाहीत, नुसता चिरतात. पण कसलं चिरणं, आपली कोशिंबीर त्यापुढे भरड वाटेल. चिंचेच्या लाकडाचा ओंडका आणि 'ब्लाकास' नावाचा जड सुरा, आणि तो सुरा पुरुषांच्या हातात. घरचा रोजचा सैपाक बायकांचा पण देवळाचा उत्सव असला की गावातले पुरुष पहाटेच्या अंधारात जमून मांस, मसाले, नारळ सगळं चिरायला बसतात, त्या सामुदायिक चिरण्याला वेगळा शब्दच आहे, 'मबात'. लावार हा पदार्थ त्यातूनच होतो, वालासारख्या लांब शेंगा, खोवलेला नारळ, मांस आणि कधी ताजं रक्त. (मी शाकाहारी नाही पण रक्ताचा लावार नाही खाल्ला, खोटं कशाला सांगू.) तर चिरलेल्याला पण ते बासऽच म्हणतात. मग वाटण कसं चालेल?

पाटावरवंटा

हम्म. मग अडलं.

काढा_आणि_चाटण

मी जरा मिरचीकडे वळतो, शब्दांच्या दृष्टीने तिथे मोठा खजिना आहे. बालीत मिरचीला काय म्हणतात ते विचारलंत का? 'ताबिअ'. आणि इंडोनेशियनमध्ये 'चाबाई' किंवा 'चाबे'. जुन्या जावानीजमध्ये 'चब्य' आहे आणि ते आपलं संस्कृत 'चव्य'. चव्य म्हणजे मराठी औषधी ग्रंथांतलं 'चवक', पंचकोलातलं, पिंपळी, पिंपळमूळ, चवक, चित्रक, सुंठ. म्हणजे नाव मुळात एका तिखट वेलीचं होतं. मग सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या जहाजांबरोबर अमेरिकेतली मिरची आली आणि तिने त्या वेलीचं नाव बळकावलं. आता मूळ वेलीला बालीत म्हणावं लागतं 'ताबिअ बुन', म्हणजे वेलीवरची मिरची! घरमालक भाडेकरू झाला.

आणि हसायचं कारण नाही, आपण पण नेमकं तेच केलंय. मिरी आधीची, मिरची नंतरची, नाव मिऱ्यावरूनच. फरक इतकाच की आपण शेपूट जोडलं म्हणून मिरीचं नाव वाचलं.

शब्दखुळी

काका, भारी!! ताबिअ बुन मी बाजारात बघितली, आपल्या पिंपळीची थोरली बहीणच दिसते, मी मेमेला हातवारे करून सांगत होते की आमच्याकडे हे खोकल्याला मधातून देतात.

आणि अजून एक. धण्याला इंडोनेशियनमध्ये 'कतुम्बार'. मी बराच वेळ तोंडात घोळवत होते, कतुम्बार, कतुम्बार, कोथिंबीर! दोन्ही संस्कृत 'कुस्तुंबरी'च्या घराण्यातले. आपण शब्द पानाला ठेवला, त्यांनी बीला. बाजारात मी 'कतुम्बार' मागितलं आणि हिरव्या जुडीची वाट बघत उभी, बाईने पुडीत धणे बांधून दिले.

गूळ पण तसाच, 'गुला', मूळ 'गुड'. पण तिथे गुला म्हणजे कुठलीही साखर, आपल्यासारख्या गुळाला 'गुला मेराह', लाल साखर. आपल्याला दोन वेगळे शब्द आहेत याचं मला उगाच बरं वाटलं.

वेंगुर्ल्याची

ती कोळंबीची चटणी म्हणजे आमचो जवळो का गो?

शब्दखुळी

जवळाच, पण आपण वाळवतो, ते वाळवून कुटून आंबवतात आणि वडी पाडतात. इंडोनेशियनमध्ये 'तरासी', बाली लोक 'सेरऽ' म्हणतात. वास... तुला चालेल, पुणेकरांना नाही.

आणि तिथे जे 'सालाम'चं पान घालतात त्याला सगळे तमालपत्र समजतात, ते नाही. जांभळाच्या कुळातलं झाड आहे ते. भांड्यात तमालपत्र टाकलंत तर बिर्याणीकडे जाल.

काढा_आणि_चाटण

तसंच त्यांच्या 'चकुह्'चं. इंडोनेशियन 'कंचुर'. इथल्या एका दुकानदाराने मला कचोरा म्हणून गळ्यात मारलं होतं. कचोरा वेगळा, तो हळदीचा भाऊ. कंचुर म्हणजे चंद्रमूळ. वास कापराकडे झुकणारा, जमिनीला चिकटून दोन पानं. आणि कुळंजन म्हणजे ते गवई लोक आवाजासाठी पानात चघळतात तेच, बालीत 'इसेन'. आपण औषधाच्या डब्यात ठेवलं, त्यांनी आमटीत घातलं.

तळटीप

उशिरा येतोय. दोन गोष्टी.

एक, 'गनप'ला मराठी शब्द आहे आणि तो फार सुंदर आहे पण आपण तो हरवून बसलोय. 'सांग'. स अधिक अंग, सगळ्या अंगांसकट. 'पूजा सांग झाली' म्हणतात तो. 'सांगोपांग'मध्ये जिवंत आहे. म्हणून 'सांग वाटण'.

दोन, त्या घरात सैपाक झाल्यावर जेवायच्या आधी नैवेद्य ठेवत होते का? केळीच्या पानाच्या तुकड्यांवर? त्याला काय नाव सांगितलं?

शब्दखुळी

'सांग वाटण' ऐकून लोक म्हणतील कोणाला सांगू 😄 पण आवडला.

हो, रोज. शितं चार, चिमूट मीठ, केलेल्या भाजीतलं जरासं. चुलीवर, पाण्याच्या जागी, देव्हाऱ्यात, उंबऱ्याशी. हे झाल्याशिवाय कुणी हात लावत नाही, त्यांच्यातली पोरंसुद्धा. नाव 'मसाइबान'. दुसरं नाव लेकीने वहीत लिहून दिलं ते मी रोमनमध्ये वाचलं आणि मला दोन मिनिटं काही सुचलंच नाही. 'यद्न्य सेस'.

तळटीप

यज्ञशेष! तेच ऐकायचं होतं. आणि बघा गंमत, ते 'ज्ञ'चं स्पेलिंग 'द्न्य' करतात. हिंदीवाले 'ग्य' म्हणतात, आपण मराठी माणसं 'द्न्य' म्हणतो आणि उत्तरेकडे गेलो की लोक सुधारतात. तिकडे माणसांची नावं पण आहेत, अद्न्यान, विद्न्यान. कोणी कोणाकडून घेतलंय असं अजिबात म्हणत नाहीये, पण हजारो किलोमीटरवर कुणीतरी 'यद्न्य' म्हणतंय हे ऐकून छाती जरा फुगतेच.

ठेवायच्या जागा पण नीट बघा. मनुस्मृतीत गृहस्थाच्या पाच 'सूना' सांगितल्यात, रोजच्या सैपाकात जिथे नकळत जीव मरतात त्या जागा. चूल, दळायची-वाटायची जागा, केरसुणी, उखळ, पाण्याचा घडा. श्लोकातल्या यादीत पहिलंच नाव 'चुल्ली'. तिकडचे लोक या नैवेद्याचा अर्थ सांगताना तेच देतात. आपल्याकडे वैश्वदेव होता, आता चित्राहुती पण आजोबांबरोबर गेल्या.

पाटावरवंटा

आमच्याकडे अजून गॅसच्या ओट्यावर पहिली पोळी गाईची काढतात. गाय सोसायटीत नाही, ती पोळी वॉचमनला जाते.

नुसताच_वाचक

सैपाकघराला काय म्हणतात?

शब्दखुळी

'पाओन'. जावानीज 'पावोन' आणि त्यात 'आवु' म्हणजे राख, राखेची जागा. म्हणजे खोलीचं नाव अन्नावरून नाही, राखेवरून. घराच्या आवारात वेगळी खोली असते, दक्षिणेला, कारण दक्षिण ब्रह्माची आणि ब्रह्मा आगीचा. आपण आग्नेयेला ठेवतो असं मी म्हटलं तर दादोङने अशी मान हलवली जशी काय मी थोडक्यात चुकलेय पण सुधारण्यासारखी आहे.

वर्षातून एक दिवस ती चूल पेटतच नाही. न्यपी, त्यांचं शक नववर्ष, शक म्हणजे आपलाच. 2023 साली तर न्यपी आणि गुढीपाडवा एकाच दिवशी, 22 मार्चला आले होते, दोन्हीकडे शके 1945 लागलं. आपल्याकडे श्रीखंड, त्यांच्याकडे 'अमाती गनी', म्हणजे आग नाही. गनी हा अग्नीच.

वेंगुर्ल्याची

आणि जेवूक काय म्हणतत? मी जाणार आसंय डिसेंबरात, उपाशी रवाक नको.

शब्दखुळी

इथे सांभाळ, इथे मी सगळ्यात मोठी माती खाल्ली. मोठ्या माणसाला 'ङाजंङ' म्हणायचं, आपलं 'भोजन करणे'. घरच्यांत, बरोबरीच्यांत 'मदाआर'. 'ङामाह' जनावराला, माणसाला म्हटलं तर 'गिळ' म्हटल्यासारखं. मला वाटलं आदराचा शब्द घेतला की कुठेच चुकणार नाही, म्हणून मी रोज ऐटीत सांगायचे की मी ङाजंङ करते. चौथ्या दिवशी लेकीने हळूच सांगितलं, तो शब्द स्वतःला लावत नाहीत. म्हणजे मी चार दिवस त्यांना 'आम्ही भोजनास बसत आहोत' असं ऐकवत होते आणि कुणी काही बोललं नव्हतं! स्वतःसाठी नम्र शब्द 'नुनास', त्याचा मूळ अर्थ मागून घेणे.

तळटीप

'नुनास' फार छान. आपल्याकडे जवळचं म्हणजे 'प्रसाद घेणे'.

पाटावरवंटा

ते सगळं ठीक, मूळ प्रश्न राहिला. चिरलेला आणि वाटलेला दोन्हींना एकच शब्द हवा. 'वाटण-चिरण'?

वेंगुर्ल्याची

वाटप म्हणा नि गप ऱ्हवा.

शब्दखुळी

काल घरी केला. जंगली अक्रोड मिळाले नाहीत (मिळाले तर कच्चे खाऊ नका कुणी, बाधतात, शिजवूनच), काजू घातले. मिक्सरला लावणार होते, मग पाटा काढला. डब्यावर काय लिहावं कळेना म्हणून शेवटी 'बासऽ' लिहून फ्रिजरमध्ये ठेवला. सकाळी नवरा विचारतो, डब्यावर 'बास' का लिहिलंयस, रागावलीयस का.